भाषिक अध्ययन-अडचणी : वर्गातील व परीक्षेतील सवलती (पुणे)

वाचन, लेखन किंवा भाषेच्या आकलनात अडथळा असल्यामुळे ज्या विद्यार्थ्यांना येत असलेलेही कागदावर उतरवता येत नाही, त्यांच्यासाठी शिकवण्यात आणि परीक्षेच्या पद्धतीत केलेले फेरफार. दहावी-बारावीच्या परीक्षा घेणाऱ्या महाराष्ट्र राज्य माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाचे मुख्यालय पुण्यात, शिवाजीनगरला आहे. त्यामुळे राज्यभरच्या सवलतींची सूत्रे इथूनच हलतात.

राज्यात दहावीच्या मुलांना अशा सवलती १९९०च्या दशकापासून मिळू लागल्या. केंद्राच्या १९९५च्या अपंग व्यक्ती कायद्यात मात्र अध्ययन-अक्षमता नव्हतीच. दिव्यांग व्यक्ती हक्क कायदा, २०१६ने ती दिव्यांगत्वाच्या २१ प्रकारांत घेतली. त्याच्या १७व्या कलमात जादा वेळ, लेखनिक आणि दुसऱ्या-तिसऱ्या भाषेतून सूट यांचा स्पष्ट उल्लेख आहे. केंद्राच्या २०१८च्या सूचनांनुसार तासाला किमान २० मिनिटे जादा द्यायची, म्हणजे तीन तासांच्या मराठीच्या पेपरला एक तास आणि दोन तासांच्या गणिताला ४० मिनिटे. २०२१मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विकास कुमार खटल्यात, लेखनिकाची सोय ४० टक्क्यांवरच्या दिव्यांगत्वापुरती मर्यादित ठेवता येणार नाही, असा निर्णय दिला.

लेखनिक उमेदवारापेक्षा खालच्या इयत्तेतला लागतो. तो शोधण्याची धावपळ बहुधा पालकांच्याच वाट्याला येते. मोठ्याने सांगून लिहून घ्यायचे असल्याने या जोडीला वेगळी खोली लागते. ‘इथे स्वल्पविराम’, ‘आकृतीला नाव दे’, ‘हे खोड, पुन्हा सांगतो’ असे सांगत उत्तर पुरे करणे हे वेगळेच कसब आहे. सराव परीक्षेत जोडी बसवली नसेल, तर मिळालेला जादा तास एकमेकांना समजून घेण्यातच जातो.

प्रमाणपत्राशिवाय यातले काही मिळत नाही. पुण्यात ससून सर्वोपचार रुग्णालय आणि औंधचे जिल्हा रुग्णालय ही दिव्यांग तपासणीची नेहमीची ठिकाणे. २०१८च्या निकषांनुसार प्रमाणपत्र वयाच्या आठव्या वर्षापासून मिळते आणि १४ व १८व्या वर्षी पुन्हा तपासणी करावी लागते.

मराठीत अडचण कुठे येते, हे इंग्रजीवर बेतलेल्या चाचणीतून कळत नाही. ‘कि’ लिहिताना वेलांटी आधी आणि ‘क’ नंतर, उच्चार मात्र उलटा. ‘पर्वत’मधला र ऐकू येतो ‘व’च्या आधी, पण रफार बसतो ‘व’च्या डोक्यावर. घ-ध, भ-म, प-ष या जोड्या एका रेघेच्या किंवा गाठीच्या फरकाने वेगळ्या होतात. अशी मुले पुष्कळदा अक्षर बरोबर ओळखतात, पण इतकी सावकाश की ओळीच्या शेवटाला येईतो सुरुवात विसरलेली असते. शिक्षकांच्या शेऱ्यात याची नोंद ‘आळशी’ अशी होते.

खरे तर वर्गातल्या बऱ्याच सोयींना ना प्रमाणपत्र लागते ना निधी. फळ्यावरचे उतरवून घ्यायला न लावता झेरॉक्स द्यावी, सगळ्यांसमोर अचानक उभे करून धडा वाचायला लावू नये, इतिहास-विज्ञानात ऱ्हस्व-दीर्घाचे गुण कापू नयेत, काही उत्तरे तोंडी घ्यावीत. शाळा मात्र नववी उजाडेपर्यंत थांबतात आणि मग प्रस्ताव पाठवायची घाई करतात. तिसरीत केलेली मदत दहावीतल्या जादा तासापेक्षा कितीतरी मोलाची.

शाळेची भाषा नवी असणे ही वेगळी बाब आहे. बांधकामाच्या ठिकाणी राहणारे, घरी कन्नड किंवा हिंदी बोलणारे मूल मराठी शाळेत अडखळले, तर त्याला अक्षम ठरवता येत नाही आणि केवळ त्या कारणाने लेखनिकही मिळत नाही. शिक्षण हक्क कायदा, २००९च्या २९व्या कलमात शक्य तेथवर मातृभाषेतून शिकवावे असे म्हटले आहे. शंका उरलीच तर तपासणी घरच्या भाषेत व्हावी लागते. राष्ट्रीय मेंदू संशोधन केंद्राची ‘डाली’ ही चाचणी हिंदी, मराठी, कन्नड आणि इंग्रजीत उपलब्ध आहे.