कान्होपात्रा

कान्होपात्रा (पंधरावे शतक) ही सोलापूर जिल्ह्यातील मंगळवेढ्याची वारकरी संतकवयित्री. शामा नावाच्या श्रीमंत गणिकेच्या पोटी तिचा जन्म झाला. जुन्या मराठीत ‘पात्र’ म्हणजे नर्तकी, त्यामुळे आईचा व्यवसाय मुलीच्या नावालाही चिकटून राहिला आहे. तिच्या नावाला संतपद जोडले गेले ते कोणा गुरूच्या अनुग्रहाने किंवा संतकुटुंबाच्या आधाराने नव्हे. नामदेवांच्या घरी जनाबाई होती, चोखोबांच्या घरी सोयराबाई. कान्होपात्रेच्या पाठीशी असे घर नव्हते, आणि तिचे वेगळेपण मुख्यतः इथेच आहे.

परंपरागत कथा अशी की, नृत्यगायनात निपुण आणि अत्यंत देखण्या कान्होपात्रेने आईचा व्यवसाय पत्करण्यास नकार दिला आणि पंढरीला निघालेल्या वारकऱ्यांबरोबर ती चालू लागली. तिच्या रूपाची कीर्ती बेदरच्या (म्हणजे बीदरच्या) पातशहापर्यंत पोहोचली व तिला धरून आणण्यासाठी शिपाई आले, तेव्हा शेवटचे दर्शन घेऊ द्यावे अशी विनवणी करून ती गाभाऱ्यात शिरली आणि विठ्ठलाच्या पायांवरच तिने देह ठेवला. बहमनी राजधानी गुलबर्ग्याहून बीदरला हलली ती पंधराव्या शतकाच्या पूर्वार्धात; त्यामुळे कथेतील बेदरचा उल्लेख तिचा काळ ठरविण्यास उपयोगी पडतो.

वाद आहे तो या शेवटाविषयी. संतचरित्रकार महिपतींच्या ‘भक्तविजय’ (१७६२) या ग्रंथामुळे भाविकांमध्ये रूढ झालेल्या समजुतीप्रमाणे ती विठ्ठलरूपात विलीन झाली. काहींच्या मते तिने स्वतः प्राणत्याग केला, तर काहींच्या मते तिला मारण्यात आले. देवळाच्या दक्षिण दाराजवळ तिला पुरले व तेथे तरटीचे झाड उगवले, अशी श्रद्धा आहे. नामदेवांचे स्थान मंदिराच्या पायरीशी आहे आणि चोखोबांची समाधी महाद्वाराबाहेर. गणिकेच्या मुलीची जागा मात्र आवाराच्या आत आहे. परंपरेने स्वतःच घडवलेली ही गोष्ट कीर्तनांतून आवर्जून सांगितली जायला हवी.

तिच्या नावावरील सुमारे तीस रचना उपलब्ध असून त्यांतील २३ ‘सकलसंतगाथे’त आहेत. चमत्काराच्या कथेपेक्षा या अभंगांतून दिसणारी स्त्री अधिक खरी वाटते. ‘नको देवराया अंत आता पाहू’ या अभंगात वाघाने धरलेल्या हरिणीच्या पाडसाशी ती स्वतःची तुलना करते. दुसऱ्या एका अभंगात तर ती देवालाच जाब विचारते: पतितपावन म्हणवतोस, मग भक्तामागे ही उपाधी (पीडा) का? ‘सिंहाचे भातुके जंबुक पै नेता । थोराचिया माथां लाज वाटे ॥’ भातुके म्हणजे खाऊ, घास. सिंहाचा घास कोल्ह्याने पळवला तर लाज घासाला नाही, सिंहाला. आपल्या देहावर डोळा ठेवणारा पातशहा असो की गावचा धनिक, तिच्या हिशेबी तो कोल्हाच. आणि अब्रूचा प्रश्न तिने स्वतःवरून उचलून थेट विठ्ठलाच्या माथी ठेवला आहे. एरवी ‘मी तो आहे यातीहीन’ असे म्हणणारी ही स्त्री केवळ दीनवाणी नाही. तिचा हा युक्तिवाद तिच्यावरील बहुतेक लेखनात दुर्लक्षित राहिला, याची खंत वाटते.

विसाव्या शतकात तिची कथा रंगभूमीवर आणि पडद्यावर आली. ना. वि. कुलकर्णी यांचे ‘संगीत कान्होपात्रा’ हे नाटक गंधर्व नाटक मंडळीने १९३१ मध्ये रंगमंचावर आणले. मुख्य भूमिका बालगंधर्वांची आणि संगीत मास्तर कृष्णरावांचे होते. १९३७ मध्ये भालजी पेंढारकरांनी याच विषयावर चित्रपट केला. नाटककार कुलकर्णी आज फारसे कोणाला आठवत नाहीत, पण नाटकातील अभंग घरोघर पोहोचले. त्यांतील ‘अगा वैकुंठीच्या राया’ हा कान्होपात्रेचा स्वतःचा अभंग भैरवीत बांधलेला असून मैफलीच्या शेवटी आजही गायला जातो. विठ्ठल, नारायण, वसुदेवनंदन, गोविंद, रखुमाईचा कांत अशी एकामागून एक नावे घेत तो पुढे सरकतो आणि अखेरच्या चरणात एकच मागणे येते: ‘कान्होपात्रा राखी आता’.