टोकन चालेना म्हणजे ड्रायव्हर जुना, हा गैरसमज

डिजिटल स्वाक्षरीचे यूएसबी टोकन ऐन निविदा भरताना चालेनासे झाले, की ‘ड्रायव्हर अपडेट करा’ (ड्रायव्हर म्हणजे संगणकाला उपकरण वापरता यावे यासाठीचे सॉफ्टवेअर) हा सल्ला ठरलेलाच. मात्र पुष्कळदा तो चुकीच्या जागी दिलेला असतो. दिसायला पेनड्राइव्हसारखे असले, तरी टोकन म्हणजे एकाच डबीत बसवलेले स्मार्ट कार्ड आणि त्याचा रीडर होय. रीडर बहुधा सीसीआयडी या मानकाप्रमाणे बनवलेला असतो आणि त्याचा ड्रायव्हर विंडोजमध्ये मुळातच असतो. आतल्या स्मार्ट कार्डच्या चिपसाठी मात्र सहसा उत्पादकाचे वेगळे सॉफ्टवेअर लागते. लोक सरसकट ‘ड्रायव्हर’ म्हणतात ते हेच.

म्हणून आधी विंडोजमधील डिव्हाइस मॅनेजर, म्हणजे जोडलेल्या उपकरणांची यादी, उघडून पाहावी. ‘स्मार्ट कार्ड रीडर्स’खाली रीडर नीट दिसत असेल आणि पिवळे चिन्ह फक्त ‘अननोन स्मार्ट कार्ड’पुढे असेल, तर रीडरचा ड्रायव्हर बदलून काहीही साधत नाही, उत्पादकाच्या संकेतस्थळावरून त्याचे सॉफ्टवेअर घ्यावे. टोकनमधील डिजिटल स्वाक्षरीच्या प्रमाणपत्राची मुदत संपली असेल किंवा वारंवार चुकीचा पिन टाकल्याने टोकन लॉक झाले असेल, तर कोणताही ड्रायव्हर उपयोगाचा नाही. एका क्लिकमध्ये सगळे ड्रायव्हर देणारी फुकट सॉफ्टवेअरे तर सहीच्या संगणकावर नकोतच.

उत्पादकाच्या सॉफ्टवेअरमधील ‘इनिशियलाइज’ हे बटणही दुरुस्तीचे नव्हे. ते दाबल्यास टोकन कोरे होते, आणि टोकनमध्येच तयार झालेली प्रायव्हेट की (सही करण्याची गुप्त किल्ली) चिपबाहेर काढता येत नसल्याने तिची प्रत कुठेच नसते. मग प्रमाणपत्र नव्याने घ्यावे लागते.