चष्म्यानं नंबर वाढत नाही ओ
सांगलीच्या मार्केट यार्डात आमचे काका हळदीची पट्टी, म्हणजे विक्रीचा हिशोबाचा कागद, हात लांब करून वाचतात, हात पुरेना झाला की पोराला हाक मारतात, पण चष्मा नको, का तर म्हणे डोळ्याला सवय लागते आणि नंबर वाढतो. साफ चूक आहे हे. डोळ्यातलं भिंग लहानपणी मऊ असतं, जवळचं बघताना ते फुगतं, म्हणून १० वर्षांचं पोर पुस्तक नाकाला लावून पण वाचतं. वयानुसार तेच भिंग कडक होत जातं आणि चाळिशीनंतर पुरेसं फुगतच नाही. जवळचं वाचायचा नंबर साधारण ४५ ला +१, साठीला +२.५ च्या आसपास, मग बऱ्यापैकी थांबतं, चष्मा लावा नाहीतर लावू नका. सवय लागते ती स्वच्छ दिसायची, एवढंच.

आणि ते "आमच्या आज्जीचा चष्मा सत्तरीत सुटला, सुई ओवते आता", त्यात कौतुक कमी करा जरा. बऱ्याचदा मोतीबिंदू चालू झालेला असतो, भिंगाचा गाभा घट्ट होऊन मायनस नंबर येतो, सुई दिसते पण लांबून येणाऱ्या एसटीची पाटी दिसत नाही. पाटी वाचायला लावून बघा एकदा आज्जीला.