घर खाली करायच्या हुकुमाला स्टे

कोर्टानं घर, गाळा किंवा जमीन खाली करून द्या असा हुकूमनामा म्हणजे डिक्री केली, की अपिलाचा निकाल लागेपर्यंत तिची अंमलबजावणी थांबवून घेणं म्हणजे स्टे किंवा स्थगिती. ठाण्याच्या नौपाड्यातल्या जुन्या पागडीच्या (आधी मोठी रक्कम देऊन नाममात्र भाड्यानं राहायच्या) बिल्डिंगा असोत की वाशीतली दुकानं, सगळीकडे एकच गैरसमज दिसतो, अपील टाकलं म्हणजे स्टे मिळाला. तसं अजिबात नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८, ऑर्डर ४१ रूल ५ मध्ये स्पष्ट लिहिलंय की नुसत्या अपिलानं डिक्री थांबत नाही, स्टेचा वेगळा अर्ज द्यावाच लागतो.

महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा १९९९ खालच्या दाव्यात अपिलाला ३० दिवस मिळतात, ठाण्यात ते जिल्हा न्यायालयात, म्हणजे कोर्ट नाक्यावर. निकालाची नक्कल मिळायला लागलेला वेळ यातून वजा होतो, म्हणून निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज टाकलेला बरा. अपिलाची मुदत संपायच्या आत, ज्या कोर्टानं निकाल दिला तेच कोर्टही तात्पुरता स्टे देऊ शकतं, आणि निकाल वाचून झाल्या झाल्या वकिलानं उभं राहून तो मागायला हवा, हे बऱ्याच पक्षकारांना कुणी सांगतच नाही.

इकडे मालक दरखास्त, म्हणजे डिक्रीच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल करतो, ताबा वॉरंट निघतं आणि कोर्टाचा बेलीफ दारात येतो. गरज पडली तर तो कुलूप तोडून, पंचनामा करून ताबा देऊ शकतो. एकदा ताबा गेला की थांबवायला काही उरत नाही, मग अपील जिंकल्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४४ खाली ताबा परत मागणं एवढंच हातात राहतं.

स्टेसाठी कोर्ट तीन गोष्टी बघतं: मोठं नुकसान होईल का, अर्जाला उगाच उशीर झालाय का, आणि तारण द्यायची तयारी आहे का. पैशाची अट इथेच येते. आत्माराम प्रॉपर्टीज विरुद्ध फेडरल मोटर्स (२००४) मध्ये सुप्रीम कोर्टानं म्हटलं की डिक्रीनंतर भाडेकरूला जुन्या भाड्यावर बसून राहायचा हक्क नाही, स्टे हवा तर वाजवी बाजारभावानं रक्कम भरायला सांगता येते. पागडीवाल्याला हे फार जड जातं, पण डिक्री हातात असून वर्षानुवर्षं ताब्याविना बसणाऱ्या मालकाचाही विचार व्हायलाच हवा.

स्टे मिळाला तरी तो खालच्या कोर्टाला कळवल्यापासून लागू होतो. ऑर्डरची कॉपी पोचायला वेळ लागत असेल तर स्टे मिळाल्याचं स्वतःच्या माहितीवर प्रतिज्ञापत्र द्यायचं, कॉपी येईपर्यंत खालच्या कोर्टाला त्यावर थांबावं लागतं, आणि बेलीफ निघायच्या बेतात असताना हाच कागद घर वाचवतो. मालकानं आधी कॅव्हेट टाकलं असेल (मला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा अर्ज, तो ९० दिवस चालतो) तर त्याला नोटीस दिल्याशिवाय सुनावणी होत नाही, तेवढे दिवस धरूनच चालायचं.

लिव्ह अँड लायसन्सचं वेगळं आहे. तिथे सक्षम प्राधिकाऱ्याच्या (अशा प्रकरणांसाठी नेमलेल्या अधिकाऱ्याच्या) ताब्याच्या आदेशावर अपीलच नाही, भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम ४४ खाली ९० दिवसांत फक्त रिव्हिजन, म्हणजे आदेशाची फेरतपासणी. आणि धोकादायक इमारत म्हणून महापालिकेची नोटीस आली असेल तर ती डिक्रीच नव्हे, तिला ऑर्डर ४१ लावता येत नाही.