मॅच अर्धवट सोडणं आणि त्याबद्दल बसणारा बॅन

मॅच अर्धवट सोडणं म्हणजे ऑनलाइन मल्टीप्लेअर गेममध्ये निकाल लागायच्या आधीच खेळाडूने बाहेर पडणं, मग तो स्वतः क्विट दाबून गेला असो, नेट तुटून बाहेर फेकला गेला असो किंवा गेममध्ये असूनही कीबोर्डला हात न लावता नुसता उभा असो. असा सोडून जाणारा तो लिव्हर, नुसता उभा राहिला तर एएफके (अवे फ्रॉम कीबोर्ड), चिडून गेला तर रेज क्विट, आणि मॅच सुरू व्हायच्या आधी हिरो, म्हणजे आपलं पात्र, निवडतानाच पळाला तर डॉज. खेळणाऱ्यांसाठी या चार वेगळ्या गोष्टी आहेत. सर्व्हरला मात्र एवढंच कळतं की मगाशी दहा जण होते आणि आता नऊ आहेत, दहावा का गेला हे त्याला कळायला मार्ग नसतो, आणि या विषयावरची जवळपास सगळी भांडणं इथूनच सुरू होतात.

हा प्रश्न पहिल्यापासून नव्हता. काउंटर-स्ट्राइक १.६ च्या काळात लोक लिस्टमधून एखादा सर्व्हर निवडून त्यात शिरायचे, वाटलं तेवढं खेळायचे आणि निघून जायचे, जागा रिकामी झाली की दुसरा कोणीतरी येऊन बसायचा, कोणाचं काही अडायचं नाही. आपल्याकडे २००० नंतरच्या दशकात पुण्या-मुंबईपासून जिल्ह्याच्या गावांपर्यंत सायबर कॅफेत लॅनवर, म्हणजे तिथलेच पीसी एकमेकांना जोडून, हाच गेम चालायचा आणि तिथे तर समोरच्या टीमचा माणूस पलीकडच्याच खुर्चीत बसलेला असायचा, तासाचे पैसे आधीच दिलेले असायचे, मध्येच उठलास तर सगळ्यांच्या शिव्या तिथल्या तिथे खाव्या लागायच्या. त्यासाठी वेगळा बॅन लागत नव्हता.

चित्र बदललं ते मॅचमेकिंगमुळे. नोव्हेंबर २००४ मध्ये एक्सबॉक्सवर आलेल्या हॅलो २ ने लिस्टमधून सर्व्हर शोधायची भानगडच काढून टाकली, बटण दाबायचं आणि गेम स्वतःच तुमच्या लेव्हलचे खेळाडू गोळा करून टीम पाडणार. सोय मोठी होती पण आता टीमची संख्या पक्की झाली, निकालावर रँक ठरायला लागला आणि मध्येच कोणी गेला तर त्याच्या जागी येणारं कोणी उरलं नाही. आपली बॅटिंग झाली की फिल्डिंग न देता घरी पळणारं पोरगं प्रत्येक गल्लीत असतं, फक्त इथे ते अनोळखी असतं आणि दुसऱ्या दिवशी खाली भेटत नाही. हॅलो ३ (२००७) मध्ये मॅच सोडली की एक्सपीरियन्स पॉइंट कापला जायचा. तेवढ्याने भागलं नाही म्हणून हॅलो रीच (२०१०) मध्ये वारंवार सोडणाऱ्याला काही वेळ मॅचच मिळणार नाही अशी सोय केली, आणि थोडा वेळ बाहेर बसवायची ही कल्पना पुढे बहुतेक गेमनी उचलली.

शिक्षा कशा असतात

पायऱ्यापायऱ्यांच्या शिक्षेचं सगळ्यात ओळखीचं उदाहरण म्हणजे काउंटर-स्ट्राइक ग्लोबल ऑफेन्सिव्ह, ज्याची जागा २०२३ मध्ये काउंटर-स्ट्राइक २ ने घेतली. कॉम्पिटिटिव्ह मॅचमधून बाहेर पडलास तर परत यायला तीन मिनिटं, नाही आलास तर मॅच सोडली असं धरून पहिल्यांदा ३० मिनिटांचा कूलडाऊन लागायचा, म्हणजे तेवढा वेळ मॅच मिळायची नाही, मग २ तास, मग २४ तास आणि शेवटी ७ दिवस. आठवडाभर नीट खेळलं की एक पायरी खाली यायची. हा हिशोब पोरांना तोंडपाठ असायचा. यातली चांगली गोष्ट अशी की एखाद्या दिवशी खरंच अडचण आली तर अर्ध्या तासाच्या वर नुकसान होत नाही आणि सवयीने सोडणारा मात्र आपोआप आठवड्याच्या शिक्षेपर्यंत जाऊन पोचतो, म्हणजे कारण न विचारतासुद्धा चुकून गेलेला आणि मुद्दाम गेलेला यांच्यात बराचसा फरक पडतो.

डोटा २ चा रस्ता वेगळा आहे आणि माझ्या मते तो जास्त विचार करून काढलेला आहे. इथे परत यायला पाच मिनिटं मिळतात, शिवाय कोणालाही गेम पॉज करता येतो, समोरच्या टीमलासुद्धा, आणि समोरच्याचं नेट गेलं म्हणून पॉज धरून थांबणारे लोक खरंच असतात. त्यानंतरही आला नाही तर अबँडन लागतो आणि असे अबँडन साठले की खेळाडू लो प्रायोरिटीत, म्हणजे शिक्षा झालेल्यांच्या वेगळ्या रांगेत, जातो. तिथून सुटायला नुसतं दिवस मोजत बसून चालत नाही, ठरावीक संख्येने मॅच जिंकाव्या लागतात, त्याही सिंगल ड्राफ्टमध्ये, म्हणजे मनासारखा हिरो मिळेलच असं नाही. टीम सोडून गेलेल्या माणसाला सुटायचं असेल तर टीम धरूनच खेळावं लागतं. त्रास असा की तिथे बाकीचे नऊही बहुतेक शिक्षा झालेलेच असतात, पुन्हा कोणीतरी चिडून जातो, पुन्हा हार, आणि ज्याचं नेटच खराब आहे तो बिचारा या चक्रात कितीतरी दिवस अडकतो.

लीग ऑफ लेजंड्समध्ये साध्या मॅचला पॉज नाही. तिथे लिव्हरबस्टर नावाची व्यवस्था आहे, सोडून जाणाऱ्याला पुढच्या काही मॅचसाठी प्रत्येक वेळी रांगेत जादा थांबायला लावते आणि सवय लागलेल्याला दिवसांच्या हिशोबात, १४ दिवसांपर्यंत, बाहेर ठेवते. एपेक्स लेजंड्समध्ये रँक्ड मॅच, म्हणजे जिच्यावर रँक ठरतो ती, सोडली तर काही मिनिटांपासून सुरू होऊन वाढत जाणारा बॅन लागतो, पण आपण मेल्यावर टीममेटला आपला बॅनर उचलायची (तो उचलला तर आपल्याला परत जिवंत करता येतं) मुदत संपली की मोकळं, मग गेलात तरी चालतं. फिफाच्या अल्टिमेट टीममध्ये सोडलेल्या मॅच डीएनएफ (डिड नॉट फिनिश) म्हणून मोजल्या जायच्या आणि तो आकडा वाढला की मिळणारे कॉइन कमी व्हायचे.

लोक सोडतात का

राग हे एक कारण आहे, आणि तेच जास्त दिसतं कारण जाताना माणूस काहीतरी बोलून जातो. पण आपल्याकडे खेळणाऱ्या कोणालाही विचारा, निम्म्या वेळा उत्तर लाईट गेली हेच असतं. मे महिन्याची दुपार, स्कोअर ११-११, आणि घरातला पंखा मंद होत होत थांबतो. पीसीला यूपीएस असला तरी राउटर बंद पडलेला असतो, मग मोबाईलचा हॉटस्पॉट चालू करा, पीसीला तो सापडेपर्यंत थांबा, स्टीम, म्हणजे गेम चालवणारं ॲप, पुन्हा ऑनलाइन यायची वाट बघा, मेनूत वर रिकनेक्टचं बटण दिसतं ते दाबा आणि लोडिंगची पट्टी सरकताना बघत बसा. पीसीही बंद पडला असेल तर विषयच संपला, तीन मिनिटांत यातलं काहीच होत नाही. हल्ली राउटरपुरता छोटा यूपीएस मिळतो, तो बऱ्याच पोरांनी खास याच कामासाठी घेतलेला असतो. व्हॅलोरंट आणि काउंटर-स्ट्राइकचे सर्व्हर मुंबईत आल्यापासून महाराष्ट्रातल्या खेळाडूंना पूर्वीसारखं सिंगापूरच्या पिंगवर, म्हणजे लांबच्या सर्व्हरमुळे होणाऱ्या उशिरावर, रडायची वेळ येत नाही, पण सर्व्हर कितीही जवळ आला तरी लाईटचं तो काय करणार.

दुसरं कारण घरातलं. आई जेवायला हाक मारते, पोरगं दोन मिनिटं म्हणतं, आणि ती दोन मिनिटं चाळीस मिनिटांची असतात कारण डोटाची मॅच तेवढी सहज चालते आणि मध्ये थांबवली तर नऊ अनोळखी लोक अडकतात. टीव्हीवरचा व्हिडिओ गेम थांबवता यायचा, हा का थांबत नाही, हे पालकांना खरंच कळत नाही आणि त्यात त्यांची चूक नाही, हे कोणी समजावून सांगितलेलंच नसतं. पोरगं मुद्दाम उलटून बोलत नसून त्याला आठवडाभराचा बॅन डोळ्यांसमोर दिसत असतो. उलट मॅच किती वेळ चालणार हे माहीत असून ताट वाढायच्या दहा मिनिटं आधी रँक्ड लावायची ही मात्र पोरांची चूक, आणि ती सगळे करतात.

मागे राहिलेल्यांचं काय

एवढी वर्षं सगळं लक्ष जाणाऱ्याला काय शिक्षा करायची यावर राहिलं, आणि मागे राहिलेल्या चौघांचा विचार फार उशिरा झाला. त्याला सात दिवसांचा बॅन बसला याने या चौघांचा तास परत येत नाही, चाराने पाचाशी खेळून हरायचं आणि वर स्वतःचा रँकही घालवायचा. म्हणून कुठल्याही गेमची व्यवस्था बरी की वाईट हे बघताना मी आधी हे बघतो की उरलेल्यांना काय मिळतं.

डोटात एकाचा अबँडन लागला की बाकीच्यांना निरोप येतो, आता सोडलंत तरी चालेल, दंड नाही. लीगमध्ये सुरुवातीलाच कोणी आला नाही तर थोड्या वेळानंतर रीमेकचं मत घेता येतं, मॅच रद्द आणि सगळे मोकळे. पुढे तिथे असंही केलं की टीममेट गेल्यामुळे हरलात तर पॉइंट कमी कापायचे. एपेक्समध्येही टीममेट आधीच निघून गेला असेल तर हरल्याचे पॉइंट माफ होतात. काउंटर-स्ट्राइकमध्ये पूर्वी गेलेल्याच्या जागी बॉट, म्हणजे कॉम्प्युटरने चालवलेला खेळाडू, यायचा, आणि आपण मेल्यावर त्याचा ताबा घेऊन पुन्हा खेळता यायचं, त्यामुळे कधीकधी बॉट हा टीममेटपेक्षा उपयोगी पडायचा. डिसेंबर २०२० मध्ये कॉम्पिटिटिव्हमधून बॉट काढले आणि त्याऐवजी कमी माणसं असलेल्या टीमला राउंडमागे जादा पैसे द्यायला सुरुवात झाली, ज्यावर खूप वाद झाला आणि मला स्वतःला बॉटच बरा वाटायचा, कारण जादा पैशाने एक बंदूक जास्त येते पण साइट, म्हणजे बॉम्ब लावायची जागा, धरायला माणूस येत नाही.

सरेंडर हाही याच विचारातला भाग. लीगमध्ये पंधराव्या मिनिटाला पाचही जणांनी हो म्हटलं तर मॅच सोडता येते, विसाव्या मिनिटानंतर पाचातले चार पुरतात. रॉकेट लीगमध्येही मत घेऊन हार मानता येते. सगळ्यांनी मिळून हार मानणं आणि एकट्याने पळणं यात फरक आहे तो असा की पहिल्यात कोणाला विचारल्याशिवाय कोणाचं नुकसान होत नाही. साध्या डोटाच्या मॅचला मात्र असा मत घेऊन सरेंडर नाही, तिथे हरत आलेली मॅच फिरवणं हीच मजा आहे असं मानणारे खूप आहेत आणि ज्यांनी अशी एखादी फिरवली आहे ते मॅच सहसा सोडत नाहीत.

पळवाटा

बॅन आला की पळवाट येतेच. मॅच सोडली तर शिक्षा आहे ना, मग सोडायची नाही, स्पॉनमध्ये, म्हणजे खेळाडू जिथून सुरुवात करतो तिथे, उभं राहून अधूनमधून एखादं बटण दाबायचं म्हणजे एएफके धरला जात नाही. किंवा मुद्दाम मरत राहायचं. किंवा टीमवर गोळ्या झाडायच्या, म्हणजे तेच वैतागून किकचं, म्हणजे आपल्याला बाहेर काढायचं, मत घेतील आणि आपण सोडून गेलो असं दिसणार नाही. काउंटर-स्ट्राइकमध्ये म्हणूनच वारंवार किक होणाऱ्यालाही कूलडाऊन लागतो, पण त्याचा उलटा वापर करून एखाद्या नवख्याला किक करणारी चौघांची टोळीही भेटते. असा मनाने गेलेला पण शरीराने मॅचमध्ये असलेला टीममेट हा लिव्हरपेक्षा वाईट, कारण लिव्हर गेल्यावर निदान सवलती सुरू होतात. दुसरी पळवाट म्हणजे नवीन अकाउंट, बॅन अकाउंटवर असतो, माणसावर नाही. ती बंद करायला डोटाने २०१७ मध्ये रँक्डसाठी फोन नंबर जोडणं सक्तीचं केलं.

एकास एक खेळात

दोघांच्या खेळात टीम नसते, नुकसान एकाचंच होतं आणि तेही जिंकत असलेल्याचं. स्ट्रीट फायटर ५ फेब्रुवारी २०१६ मध्ये आला तेव्हा हरताना नेट काढून टाकणाऱ्याला काही शिक्षाच नव्हती, त्याची हार धरली जायची नाही आणि समोरच्याला विजयही मिळायचा नाही. लोक इतके वैतागले की कॅपकॉमने खेळाडूंनाच व्हिडिओ रेकॉर्ड करून ठेवायला सांगितलं आणि नंतर सवयीच्या पळपुट्यांचे लीग पॉइंट काढून घेतले. टेक्कन ७ ने साधा उपाय केला, समोरच्याचे डिस्कनेक्टचे टक्के आधीच दाखवायचे, खेळायचं की नाही ते तुम्ही ठरवा. बुद्धिबळात घड्याळच हे काम करतं, गेलास तर वेळ संपून हरशील. लिचेस या बुद्धिबळाच्या साइटवर समोरचा निघून गेला की थोड्या वेळात विजय किंवा बरोबरी मागता येते, आणि सारखे डाव सुरुवातीलाच रद्द करणाऱ्याला किंवा हरल्यावर राजीनामा न देता घड्याळ रिकामं चालू ठेवणाऱ्याला काही काळ नवीन डाव लावता येत नाही.

मोबाईलवर

भारतात सगळ्यात जास्त लोक फोनवर खेळतात आणि तिथले नियम मवाळ आहेत. पबजी मोबाईलवर सप्टेंबर २०२० मध्ये बंदी आली, जुलै २०२१ मध्ये बीजीएमआय आला, आणि दोन्हीत मेरिट नावाचे पॉइंट असतात, मॅच सोडली, टीममेटला मारलं की ते कमी होतात आणि फार खाली गेले तर अनोळखी लोकांबरोबर स्क्वॉड, म्हणजे टीम, मिळत नाही. मेल्यावर निघून जाणं इथे सर्रास चालतं कारण शंभर जणांच्या मॅचमध्ये मेलेला माणूस अडवून ठेवण्यात अर्थ नसतो. खरा घोळ होतो कॉलचा. दोन सिमच्या बऱ्याच फोनमध्ये एका सिमवर कॉल आला की दुसऱ्या सिमचं नेट कॉल संपेपर्यंत बंद पडतं, आणि तेवढ्यात आपला खेळाडू उघड्या मैदानात उभा असतो, म्हणून रँक पुश करायला, म्हणजे वर चढवायला, बसणारी पोरं मॅच लावायच्या आधी दुसरं सिम सेटिंगमध्ये जाऊन बंद करून ठेवतात.