वादपत्र नामंजूर की दावा खारीज? 'सात-अकरा'च्या आदेशाने नेमकं काय जातं

कापूस वेचणीच्या दिवसांत एक काका माझ्याकडे आले. बियाण्याच्या पिशवीत चार घड्या घातलेला कोर्टाचा आदेश होता. समोर ठेवत म्हणाले, "वकीलसाहेब, वावर गेलं का जी आमचं?" आदेश चार महिन्यांपूर्वीचा. तेवढे दिवस तो घरच्या पेटीत पडून होता, कारण गावात सगळ्यांनी सांगितलं होतं की केस संपली.

मी शेवटचा परिच्छेद वाचला. 'वादपत्र दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 7 नियम 11 अन्वये नामंजूर करण्यात येते.' वादपत्र. दावा नव्हे. या एका शब्दावर काकांचं अख्खं वावर अडलं होतं.

आपल्याकडे सातबारा पोरासोरांनाही कळतो. कोर्टाच्या आवारात रोज कानावर पडणारा 'सात-अकरा', म्हणजे हाच आदेश 7 नियम 11, मात्र वकिलांपुरताच राहतो. वादीने कोर्टात पहिल्यांदा दिलेला, आपली हकिकत आणि मागणी मांडणारा कागद म्हणजे वादपत्र. त्या कागदातच मूलभूत दोष असेल, तर कोर्ट साक्षीपुराव्यात न शिरता तो सुरुवातीलाच नामंजूर करतं. दावा खारीज होतो तो वेगळ्या वाटेने: मुद्दे निघाले, साक्षी झाल्या, उलटतपास झाला आणि वादीची बाजू सिद्ध झाली नाही, किंवा वादी पेशीला हजरच राहिला नाही. गावात दोन्हीला 'केस खारीज झाली' असंच म्हणतात. आदेशातही कधी 'दावा नामंजूर' असे शब्द येतात, म्हणून 'नामंजूर' या शब्दावर भिस्त ठेवू नका. त्याच्या आधी काय लिहिलंय आणि खाली कोणता नियम दिलाय, ते बघा.

काकांचं प्रकरण असं. उसनवारीच्या व्यवहारात गहाणखत म्हणून सही घेतली गेली आणि कागद निघाला खरेदीखताचा. फेरफाराची नोटीस घरी आली तेव्हा ते कळलं. खरेदीखत रद्द करून मागणारा दावा टाकला, पण वादपत्रात दाव्याचं मूल्यांकन, ज्यावर कोर्ट फी ठरते, कमी धरलं होतं. कोर्टाने ते दुरुस्त करून उरलेली कोर्ट फी भरायला मुदत दिली. हाती पैसा नव्हता, फी भरली गेली नाही, वादपत्र नामंजूर झालं. खरेदीखत खरं की खोटं यावर कोर्टाने एक अक्षरही लिहिलेलं नव्हतं.

फीबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. महाराष्ट्रात 1994 च्या शासकीय अधिसूचनेने मालमत्तेच्या वादात स्त्रियांना कोर्ट फी माफ आहे. वाटणी मागणाऱ्या बहिणी फीच्या धास्तीने अजूनही मागे सरतात, ते बघून जीव तुटतो.

फी आणि मूल्यांकन हे सात-अकराचे सुधारता येणारे दोष. त्यात कोर्टाने आधी संधी द्यावी लागते, ती न देता थेट नामंजुरी होत नाही. वादपत्राची प्रत न जोडणं वगैरे किरकोळ कारणंही यादीत आहेत. जड कारणं दोन: वादपत्रात दाव्याचं कारणच (वादीचा कोणता हक्क कसा मोडला ते) दिसत नाही, किंवा वादपत्रातल्या मजकुरावरूनच दावा कायद्याने वर्जित ठरतो.

दुसरं कारण आपल्या शिवारात धुऱ्याच्या, म्हणजे बांधाच्या, रस्त्यावरून हमखास येतं. जमीन महसूल संहितेच्या कलम 143 खाली तहसीलदार धुऱ्यावरून वाट देतो. तो आदेश ज्याला मान्य नाही, त्याला दिवाणी दावा टाकायला एक वर्ष मिळतं. आता एखाद्याने तीन वर्षांनी दावा टाकला आणि आदेशाची तारीख स्वतःच वादपत्रात लिहिली, तर साक्षीदार कशाला हवेत? मुदत संपल्याचं त्याच्याच कागदावर लिहिलेलं आहे. सुरतकडच्या शेतजमिनीच्या दहिबेन प्रकरणात हेच झालं. खरेदीखत 2009 चं, पूर्ण पैसे मिळाले नाहीत म्हणून ते रद्द करा असा दावा 2014 मध्ये. सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये वादपत्राची नामंजुरी कायम ठेवली, आणि किंमत पूर्ण न मिळणं एवढ्याने खरेदीखत रद्द होत नाही हेही सांगितलं. खरेदी करून दिली पण पैसे बाकी आहेत, अशा प्रत्येक शेतकऱ्याने हा निकाल वकिलाकडून समजून घ्यावा. खरेदीखत रद्द करून मागण्याच्या मुदतीची तीन वर्षं बघता बघता सरतात.

इथे प्रतिवादीही चुकतात. सात-अकराचा अर्ज ठरवताना कोर्ट फक्त वादपत्र आणि त्याबरोबरचे कागद बघतं. प्रतिवादीने लेखी जबाबात काय म्हटलं, ते तेव्हा विचारात घेतलं जात नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या 2002 च्या सलीमभाई विरुद्ध महाराष्ट्र राज्य या निकालात हे स्पष्ट झालं. बहिणीने वाटणीचा दावा टाकला आणि भाऊ म्हणाला, "वाटणी तर केव्हाच झाली, बाईचा दावा उडवा." वाटणी झाली असेल किंवा नसेलही, पण ते भावाचं म्हणणं आहे, त्याने ते पुराव्याने सिद्ध करावं. बहिणीच्या वादपत्रात ते नसेल तर सात-अकरा चालणार नाही. पाच मागण्यांपैकी एकच वर्जित असेल, तरी तेवढाच तुकडा कापून वादपत्र नामंजूर करता येत नाही.

आता पुढचं. वादपत्र नामंजूर झालं तर त्याच संहितेचा आदेश 7 नियम 13 सांगतो की त्याच कारणावर नवं वादपत्र दाखल करता येतं. मुदत मात्र शिल्लक हवी. जुन्या केसमध्ये गेलेले दिवस आपोआप वजा होत नाहीत. किंवा अपील करता येतं, कारण कायद्याच्या व्याख्येत ही नामंजुरी हुकूमनामाच (डिक्री) धरली जाते. जिल्हा न्यायालयात अपिलाला 30 दिवस. उलट सात-अकराचा अर्जच फेटाळला गेला, तर दावा पुढे चालतो आणि प्रतिवादीला पुनरीक्षणासाठी (रिव्हिजन) उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाची वाट धरावी लागते.

पुराव्यानंतर गुणदोषावर दावा खारीज झाला तर अपील हाच मार्ग. तोच वाद त्याच पक्षांत पुन्हा उकरता येत नाही. गैरहजेरीतली खारीज याहून फसवी. प्रतिवादी हजर, वादी गैरहजर, म्हणून दावा खारीज झाला, तर आदेश 9 नियम 9 नवा दावा बंद करतो. 30 दिवसांत, सबळ कारण दाखवून, तोच दावा पुन्हा नोंदीवर घेण्याचा अर्ज करायचा असतो. एका भाऊंना पारावर कुणीतरी सल्ला दिला, "नवा टाका, काय होते." पेरणीच्या घाईत पेशी हुकली होती, कारण खरं होतं, अर्ज मंजूर होण्यासारखा होता. त्यांनी नवा दावा टाकला, जुन्याची हकिकत प्रामाणिकपणे वादपत्रात लिहिली, आणि त्या लिहिण्यावरूनच नवं वादपत्र सात-अकरात गेलं. मग मूळ दाव्यात विलंबमाफीचा अर्ज करावा लागला. तोवर दीड वर्ष निघून गेलं होतं. (दोन्ही पक्ष गैरहजर असताना खारीज झाला असेल तर गोष्ट निराळी, तेव्हा मुदतीत नवा दावा चालतो.)

वादपत्र 'परत' केलं असं लिहिलं असेल तर ते तिसरंच. कोर्ट चुकीचं होतं, योग्य कोर्टात दाखल करा, एवढाच त्याचा अर्थ.

काकांच्या अपिलाचे 30 दिवस केव्हाच उलटले होते. पण फेरफाराची नोटीस मिळाल्यापासून तीन वर्षं व्हायला सात आठवडे बाकी होते. मूल्यांकन नीट धरलं, मुलाने कापूस विकून फी आणली, आणि मुदत संपायला नऊ दिवस असताना नव्या वादपत्रावर निशाणी 1 पडली, दावा दाखल झाला.