डाव मुलांचा, नियमही मुलांचे

मुलांना न्याय-अन्याय कसा कळू लागतो, हे शोधण्यासाठी स्विस मानसशास्त्रज्ञ झां पियाजे गोट्यांच्या डावापाशी जाऊन बसले. जिनिव्हा आणि न्यूशातेलमधल्या मुलांना ते सांगत, मी लहानपणी हे खेळायचो, पण आता विसरलो, मला शिकवा. मुलं हौसेने शिकवत. मग पियाजे हळूच विचारत, हे नियम कोणी केले? आपण नवा नियम केला तर चालेल का? या निरीक्षणांवरचं त्यांचं लेखन 1932 साली प्रसिद्ध झालं.

लहान मुलं सांगत की नियम वडिलांनी, थोरामोठ्यांनी किंवा थेट देवानेच केले. ते बदलणं म्हणजे लबाडी. पण प्रत्यक्ष डावात हीच मुलं नियम सर्रास मोडत. दोघं शेजारी बसून आपापलं खेळत आणि दोघंही जिंकत! दहा-अकरा वर्षांच्या मुलांचं नेमकं उलट होतं. सगळ्यांना मान्य असेल तर नियम बदलता येतो, असं ती बिनदिक्कत सांगत आणि एकदा ठरलेला नियम मात्र कसोशीने पाळत. नियम वरून आला आहे असं वाटत होतं तोवर तो पाळला जात नव्हता. आपणच मिळून ठरवला आहे हे उमगल्यावर पाळला जाऊ लागला. खेळ आणि संस्कार याविषयी बरंच बोललं जातं, पण मला त्यात या निरीक्षणाइतकं मोलाचं दुसरं काही दिसत नाही.

मधल्या वर्षांत मुलं काय करतात? भांडतात. गोटीला गोटी लागली की नाही, पाय रेषेच्या आत होता की बाहेर, यावरून तावातावाने भांडतात. भांडण मिटलं नाही तर डाव मोडतो आणि डाव मोडलेला कोणालाच नको असतो, म्हणून तोडगा निघतो. रडीचा डाव खेळणाऱ्याला पुढच्या खेपेला कोणी भिडू म्हणून घेत नाही. कोणाचा धाकटा भाऊ मागे लागून आलाच, तर त्याला लिंबूटिंबू म्हणून घेतात. तो सगळ्यांबरोबर पळणार, पण पकडला गेला तरी त्याच्यावर राज्य येणार नाही. धाकट्याचं मन राखायचं आणि डावाची चुरसही घालवायची नाही, हा अवघड मेळ मुलं दोन मिनिटांत घालतात.

आत्मसंयमाची मुळंही इथेच आहेत. रशियन मानसशास्त्रज्ञ लेव्ह व्हिगोत्स्की यांनी 1933 सालच्या व्याख्यानात शर्यतीसाठी उभ्या राहिलेल्या मुलाचं उदाहरण दिलं. पाय शिवशिवत असतात, पण इशारा होईपर्यंत ते थांबतं. कोणी दटावलं म्हणून नव्हे, तर थांबलं नाही तर शर्यतच उरत नाही म्हणून. पुढे सोव्हिएत संशोधकांनी मुलांना न हलता उभं राहायला सांगून पाहिलं. नुसतं 'उभा राहा' म्हटल्यावर मुलं लवकर चुळबुळ करू लागत. खेळात पहारेकरी झाल्यावर तीच मुलं कितीतरी जास्त वेळ निश्चल राहत.

मेंदूच्या चाचण्यांतही याला दुजोरा मिळतो. अमेरिकेतल्या इलिनॉय विद्यापीठात चार्ल्स हिलमन आणि सहकाऱ्यांनी सात ते नऊ वर्षांच्या 221 मुलांचे दोन गट केले. एका गटाला नऊ महिने शाळा सुटल्यावर भरपूर खेळवलं, दुसऱ्याला प्रतीक्षायादीत ठेवलं. 2014 साली निष्कर्ष आले: खेळणाऱ्या मुलांना लक्ष विचलित करणाऱ्या गोष्टींना दूर सारणं आणि एका कामावरून दुसऱ्या कामाकडे वळणं अधिक चांगलं जमू लागलं होतं. यावरून 'खेळा, मार्क वाढतील' असं आश्वासन मी देणार नाही. पण अभ्यासाला बसण्यासाठी लागणारी मनाची पकड खेळाने बळकट होते, हे यातून दिसतं.

शरीराचं गणित तर आणखी सरळ आहे. हाडाच्या आत अडकून राहिलेल्या पेशींना हाडावर पडणारा ताण जाणवतो आणि त्या बांधकामाचा निरोप धाडतात. हा निरोप अचानक, जोरकस आणि वेगवेगळ्या दिशांनी बसणाऱ्या धक्क्यांनी नीट पोहोचतो; एकसुरी हालचाल बराच वेळ चालली की पेशी तिला दाद देईनाशा होतात आणि विश्रांतीनंतर पुन्हा सजग होतात. मोकळं सोडलेलं मूल असंच तर खेळतं: धावतं, गपकन थांबतं, उडी मारतं, धापा टाकत बसतं, पुन्हा उठतं. टेनिसपटूंच्या खेळणाऱ्या हाताचं हाड दुसऱ्या हाताच्या हाडापेक्षा भरीव असतं आणि वयात येण्याआधी खेळायला लागलेल्यांमध्ये हा फरक अधिक दिसतो. प्रौढपणी असणाऱ्या हाडांतल्या खनिजांपैकी सुमारे एक चतुर्थांश साठा उंची झपाट्याने वाढण्याच्या दोनेक वर्षांत होतो. नेमकी तीच वर्षं आपण शिकवण्यांनी भरून टाकतो.

डोळ्यांनाही मैदान हवं असतं. चीनमधल्या ग्वांगझू शहरात पहिलीच्या मुलांना रोज 40 मिनिटं जास्त बाहेर नेलं गेलं. तीन वर्षांनी त्यांच्यातल्या 30.4 टक्के मुलांना लांबचं कमी दिसू लागलं होतं. बाकीच्या शाळांतलं प्रमाण 39.5 टक्के होतं. इथे गुण बहुधा व्यायामाचा नसून उजेडाचा असावा.

जागतिक आरोग्य संघटना 5 ते 17 वर्षांच्या मुलांसाठी दिवसाला सरासरी 60 मिनिटं दमवणारी हालचाल सुचवते. 2016 पर्यंतच्या आकडेवारीनुसार जगातल्या 11 ते 17 वयोगटातल्या 81 टक्के मुलांची तेवढीही होत नव्हती.

मात्र मैदानावर सोडलं की सद्गुण आपोआप येतात, असं नाही. 1954 साली अमेरिकेतल्या ओक्लाहोमा राज्यात मानसशास्त्रज्ञ मुझफ्फर शेरीफ यांनी एका शिबिरात मुलांचे दोन गट करून त्यांच्यात बक्षिसांसाठी सामने लावले. थोड्याच दिवसांत शिव्यागाळी सुरू झाली, एका गटाने दुसऱ्याचा झेंडा जाळला. मग सगळ्यांची मिळून अडचण होईल असे प्रसंग घडवले गेले. खाणं आणणारा ट्रक बंद पडला, तेव्हा ज्या दोरावर रस्सीखेच खेळली होती तोच दोर बांधून दोन्ही गटांनी मिळून तो ओढला. या प्रयोगात संशोधकांनी वैर मुद्दाम पेटवलं, ही टीका योग्यच आहे; पण सामने लावणारे मोठेच कसं विष कालवू शकतात, हे त्यातून अधिकच स्पष्ट होतं.

म्हणून शिट्टी हातात असणाऱ्या शिक्षकांना आणि कडेला उभ्या पालकांना माझं कळकळीचं सांगणं आहे. संघ मुलांना पाडू द्या, वादाचा निकाल त्यांना लावू द्या. कोणाला इजा होत असेल किंवा एकाच मुलाला सगळे मिळून छळत असतील, तर मात्र क्षणभरही न थांबता मध्ये पडा. वर्गात दंगा केला म्हणून मधली सुट्टी किंवा खेळाचा तास कापू नका. अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने 2013 सालीच याविरुद्ध बजावलं आहे. ही शिक्षा बहुतेक वेळा चुळबुळ्या मुलांना होते, आणि थांबायला शिकण्याची गरज सगळ्यात जास्त त्यांनाच असते.